मोटारीतला माणूस काय म्हणाला

मी बी.ए. झालो तेव्हा मुरबे गावातल्या आमच्या कोळी आळीत मॅट्रिक झालेलासुद्धा दुसरा कोणी नव्हता. वडील होडीवर, आई डोक्यावर मासळीची पाटी घेऊन बोईसर-वाणगावच्या बाजारात. त्यांच्या पोटी जन्मून मी सेकंड क्लास मिळवला याचा मला अभिमान होता, आणि आजही आहे. उगाच नम्रपणाचं सोंग मला जमत नाही. पुढे जे लिहितोय ते या अभिमानाविषयीच आहे, म्हणून आधी सांगून टाकलं.

साठच्या दशकातली मधली वर्षं होती. तारापूरला अणुवीज केंद्राचं बांधकाम चालू होतं. मला बोईसरच्या एका शाळेत इंग्रजी शिकवायची नोकरी लागली होती. मुरब्याहून सायकलने जायचो, सायकलनेच यायचो. आमचा फाटा मोठ्या रस्त्याला मिळतो तिथून थोडं पुढे पोलिसांचं नाकं होतं. नाकं म्हणजे काय, तर कुडाची एक झोपडी, पाण्याचा रांजण आणि रस्त्यावर आडवा बांबू. बांबूच्या एका टोकाला वजनासाठी दगड बांधलेला. राज्यात दारूबंदी होती आणि दमणची दारू याच वाटेने मुंबईकडे उतरायची. म्हणून गवताच्या लॉऱ्यांमध्ये लोखंडी सळई खुपसून बघायची, सुक्या बोंबलाच्या पाट्या उचकायच्या, असं ते काम.

नाक्यावर एक शिपाई आणि एक जमादार. जमादार साताऱ्याकडचे. वय पन्नाशीचं, पेन्शनीला दोन वर्षं राहिलेली. गवतवाले, कोळणी, बैलगाडीवाले यांना थांबवायला त्यांना काही वाटत नसे. पण केंद्राचं काम सुरू झालं आणि त्या रस्त्याने साहेबांच्या मोटारी धावू लागल्या. गोरे इंजिनियर, मुंबईचे ठेकेदार, त्यांचे पाहुणे. त्यांना थांबवलं की ते इंग्रजीत बोलत, आणि शिपायासमोर जमादारांची पंचाईत होई.

एका संध्याकाळी त्यांनी माझी सायकल अडवली.

"ओ मास्तर, तुमी गॅज्युएट न्हवं?"

"हो."

"मग या की हिकडं. ह्या सायबाला म्हनावं, डिकी उगडा. पन मऊ शब्दात म्हना बरं, न्हाईतर माजी बदली हुईल चांद्याला."

मी गेलो, म्हणालो. आत एक गोरा इंजिनियर होता. त्याने वैतागून घड्याळ दाखवलं, दोन शब्द पुटपुटला आणि डिकी उघडली. आत सतरंजी आणि पाण्याचा थर्मास. मोटार गेल्यावर जमादार म्हणाले, "काय म्हनला त्यो?"

"उशीर होतोय म्हणाला. आणि एक शिवी दिली."

"दिली का शिवी? मग बेस."

मला काही कळेना. मग त्यांनी तळहातावर तंबाखू मळता मळता मला त्यांची रीत सांगितली. "मास्तर, नुसता शबुद सांगू नका मला. कसा बोलला त्ये बी सांगा. चिडला, शिव्या दिल्या, घड्याळ दावलं, तर मानूस साफ. त्याला घाई असती. गोड बोलला की आदी गाडीची चावी काढून घ्यायची, मग डिकीला हात लावायचा. चोवीस वर्सं ह्येच बगतोय."

"आणि गोड बोलणारा साफ निघाला तर?"

"तर चावी परत द्यायची. झिजती का काय चावी?"

त्यानंतर तसं पुष्कळदा झालं. लांबून मोटार दिसली की जमादार हात करायचे, मी सायकल रस्त्याकडेच्या रानभेंडीच्या मोठ्या झाडाला टेकवायचो. मोटारीपाशी जाऊन वाक्य टाकायचो, उत्तर ऐकायचो आणि जमादारांना मराठीत सांगायचो. खरं सांगतो, मला ते फार आवडायचं. शाळेत पोरांपुढे रोजच इंग्रजी बोलत होतो, पण ते पुस्तकातलं. इथे खरा साहेब खिडकीची काच खाली करून माझं ऐकायचा. कोळणी पाट्या खाली ठेवून बघत राहायच्या. एकदा आमच्याच आळीतली एक म्हातारी आईला म्हणाली, "तुजा पोरगा सायबाच्या नाकाशी नाक लावून बोलतो गो." आईने मला तिखटमीठ लावून सांगितलं आणि वर म्हणाली, "नाक सांभाळ."

दिवाळीला जमादारांनी घरी फराळाला बोलावलं. बोईसरला स्टेशनच्या मागे एक खोली भाड्याने घेतली होती. बायको साधी, बोलकी. लाडू पुढे ठेवत म्हणाली, "तुमास्नी बी सांगितली आसंल की चावीची गोष्ट? मी घरात जरा गोड बोलले की म्हनत्यात, थांब, आदी चावी काडतो."

"मग? पाटल्या मागायच्या आसत्यात हिला," जमादार म्हणाले, आणि दोघंही हसले.

ती गोष्ट शिमग्याच्या आधीच्या एका शनिवारची. शाळा अर्धी होती. ऊन डोक्यावर आलेलं. मी नाक्यापाशी पोचलो तेव्हा जमादार भेंडीच्या सावलीत फडक्यावर भाकरी सोडून बसले होते. शिपाई बांबूच्या दोराजवळ उभा होता. वाणगावच्या बाजूने धुरळा उठला आणि एक काळी मोटार येताना दिसली.

जमादारांनी हात पुसले, टोपी घातली. "मास्तर, तुमच्या गिऱ्हाईकाची गाडी हाय ही."

मोटार लांब होती तेव्हापासूनच मी वाक्य जुळवायला लागलो होतो. नेहमीचं वाक्य मला आताशा पुरेसं वाटत नव्हतं. आदल्या रात्री एका पुस्तकात विनंतीची एक ऐटदार घडण वाचली होती, ती वापरायची होती. बांबूपाशी मोटार थांबली. पुढे ड्रायव्हर, त्याने टोपी डोळ्यांवर ओढलेली. मागे एक माणूस. मी मागच्या खिडकीशी वाकलो. त्याच्या आणि माझ्यामध्ये फार तर एक हात अंतर होतं.

"सर, विथ युवर काइंड परमिशन, वुई शॅल हॅव टु सी द डिकी."

वाक्य सरळ निघालं, कुठेही अडलं नाही. तो माणूस म्हणाला, "बट ऑफ कोर्स, माय डिअर फेलो. यू स्पीक व्हेरी गुड इंग्लिश."

माझं इंग्रजी फार चांगलं आहे असं मला आजवर कोणी म्हटलं नव्हतं. कॉलेजात प्रोफेसरांनी नाही, मुलाखतीत हेडमास्तरांनी नाही. मी सरळ झालो. छाती भरून आली म्हणतात तसं झालं. जमादार तोवर डिकीकडे चालू लागले होते. चालता चालताच त्यांनी विचारलं, "काय म्हनला त्यो?"

"उघडा म्हणतायत," मी म्हणालो.

एवढंच.

त्यांनी डिकीची मूठ फिरवली. झाकण वर गेलं. मागच्या सीटचं पलीकडचं दार उघडल्याचा आवाज आला आणि लागोपाठ दोन बार झाले. मला वाटलं, टायर फुटलं. जमादार बंपरला धरून खाली बसले, लांबून चालत आलेला माणूस बसतो तसे. दार आपटलं, मोटार उसळली, बांबू कडकन मोडला. शिपाई हातात काठी घेऊन त्या मोटारीच्या मागे धावत सुटला. "थांब! थांब रे!" असं तो ओरडत होता. पायी धावणारा माणूस मोटार गाठू शकत नाही हे कळायला त्याला बराच वेळ लागला.

मी जमादारांचं डोकं मांडीवर घेतलं. त्यांचे डोळे माझ्याकडे होते, पण मला बघत होते की नाही, सांगता येत नाही. गवताची एक लॉरी आली, तिच्यात घालून आम्ही त्यांना नेलं. वाटेतच ते गेले. फडक्यावरची अर्धी भाकरी तशीच राहिली होती. संध्याकाळी मला पंचनाम्याला परत आणलं तेव्हा तिच्यावर कावळे बसले होते.

मोटारीच्या नंबराची पाटी चिखलाने माखलेली होती. ड्रायव्हरचं तोंड टोपीखाली. शिपाई बांबूपाशी, लांब. राहिलो मी.

तपासाला पोलिसांचे मोठे साहेब आले. त्यांनी मला खुर्ची दिली. "तुम्ही त्याच्याशी बोललात?"

"हो."

"किती अंतरावरून?"

"एक हात."

"म्हणजे पाहिलात तर ओळखाल."

हा प्रश्न नव्हता, पण मला उत्तर द्यावं लागलं. मी डोळे मिटून तो माणूस आठवायला गेलो, तर खिडकीच्या काचेची कड आठवली, पांढरी बाही आठवली आणि माझं वाक्य आठवलं. चेहरा असायला हवा तिथे काही नव्हतं. मी त्याच्याकडे बघत होतो, पण बघत नव्हतो. मनात शब्द लावून ठेवले होते, त्यांची रांग मोडू नये एवढंच माझं लक्ष होतं. आणि नंतर त्याने माझी स्तुती केली, तेव्हा मी माझ्याचकडे बघत होतो.

हे त्या साहेबांना सांगायचं? सगळे माझ्याकडे बघत होते. शिकलेला साक्षीदार मिळाला म्हणून त्यांना केवढं हायसं वाटलं होतं. मी म्हणालो, "ओळखीन."

जबाबात लिहिलं गेलं की गाडीतील इसमाने डिकी पाहण्यास संमती दिली आणि त्यास पुन्हा पाहिल्यास मी ओळखीन. खाली मी इंग्रजीत सही केली, आणि सवयीने पुढे बी.ए. लिहिलं.

मग लोक विचारायला लागले. शाळेत, स्टेशनावर, आळीत. "कसा होता हो दिसायला?" नाही म्हणता येईना. आधी मी म्हणालो, सावळा होता. पुढच्या आठवड्यात त्याला मिशी आली. मग रुंद कपाळ. शिमगा होईपर्यंत त्या माणसाचा चेहरा माझ्या मनात इतका पक्का झाला होता की मलाही तो खरा वाटू लागला.

तेराव्याला मी जमादारांच्या खोलीवर गेलो. बायको भिंतीला टेकून बसली होती. तिने एवढंच म्हटलं, "मास्तर, तुमी व्हता म्हून बरं. न्हाईतर कुनी वळखायचं त्याला?"

दोन महिन्यांनी एक माणूस पकडला. वाणगावकडचा. दारूच्या केसमध्ये दोनदा आत जाऊन आलेला. मला ओळखपरेडीला बोलावलं. कोणत्या ठाण्यात ते लिहीत नाही, त्यातली माणसं आता कोणी नाहीत. मला बाकावर बसवून चहा दिला. समोर अंगणात पाण्याचा नळ होता. मी चहा पीत असताना एका हवालदाराने एका माणसाला नळावर आणलं, त्याला तोंड धुवायला लावलं आणि परत आत नेलं. कोणी मला एक शब्द सांगितला नाही. हीच त्यातली कारागिरी.

अर्ध्या तासाने मामलेदार आले, दोन पंच आले. दहा माणसं रांगेत उभी केली. पोलीस बाहेर गेले. मी रांगेच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेलो, परत आलो. नळावरचा माणूस सहावा होता. सावळा होता. मिशी होती. मी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

तो दचकला. म्हणाला, "मास्तर, काय करताव? मी नाय ओ. तुमची आय आमच्या बाजारात सुकट घेऊन येते. मी तुमाला वळखतो."

मोटारीतल्या माणसाचा चेहरा मी पाहिला नव्हता, पण त्याचा आवाज माझ्या कानात होता. ते इंग्रजी उच्चार मी रोज मनात घोळवत होतो. हा माणूस तो नव्हता. मामलेदारांनी विचारलं, "हाच ना?" मी मान हलवली. त्यांनी लिहून घेतलं.

घरी आईला बातमी आधीच लागली होती. ती बोंबील निवडत बसली होती.

"तू त्याला धरून दिलास?"

"पोलिसांनी पकडला. मी ओळखला."

"तो चोर हाय. बाटल्या इकतो, बायकोला मारतो, माझे दोन वाटे सुकट उधार घेऊन गेला तो फिरकला नाय. पन इंग्रजी? अरे, त्याला मराटीत सही करता येत नाय. अंगठा लावतो." ती हातातला बोंबील खाली ठेवून माझ्याकडे बघत राहिली. "खरं सांग. तू त्याचं थोबाड पायलंस का?"

मी तिच्यापुढचा एक बोंबील उचलून निवडायला लागलो.

"म्हंजी नाय पायलंस."

"आई, आता सही झालीय."

"तुजी सही झाली, आनी त्याच्या गल्यात दोर. आमी अडानी मानसं. आमाला कोनी इचारलं तर आमी सांगतो, नाय पायलं. तू येवडा शिकलास, तुला तेवडं सांगता येत नाय?"

वडील दारात जाळं विणत होते. त्यांनी सुतळी दातांनी तोडली तेवढाच आवाज.

केस जिल्ह्याच्या कोर्टात उभी राहायला वर्ष जवळजवळ गेलं. तो माणूस तोवर आतच. ते वर्षभर मी काय केलं ते सांगण्यासारखं नाही. शाळेत शिकवलं, जेवलो, झोपलो. दर आठवड्याला ठरवलं की तपासाच्या साहेबांना जाऊन सांगायचं, आणि दर आठवड्याला गेलो नाही. खोटी साक्ष दिली म्हणून मलाच आत टाकतील याची भीती होती. पण खरी भीती वेगळी होती. 'मग तुम्ही तिथे उभे राहून करत काय होता?' हे कोणीतरी विचारील, आणि मला सांगावं लागेल.

साक्षीच्या दिवशी सरकारी वकिलांनी ते विचारलंच. त्यांनी आरोपीकडे बोट करून म्हटलं, "गाडीत पाहिलेला इसम तो हाच ना?" आरोपी पिंजऱ्यात कठडा धरून उभा होता. फार वाळला होता. कोर्टात मागच्या बाकावर जमादारांची बायको आणि दीर बसले होते.

मी म्हणालो, "मी चेहरा पाहिला नाही."

वकिलांना वाटलं, मला प्रश्न कळला नाही. त्यांनी पुन्हा विचारला. मी पुन्हा तेच सांगितलं.

"ओळखपरेडीत तुम्ही याच्या खांद्यावर हात ठेवला होतात."

"हो. आधी नळावर पाहिला होता म्हणून."

"एका हातावर उभे होतात. भर दुपार. डोळे चांगले आहेत ना तुमचे?"

"चांगले आहेत."

"मग पाहत काय होता?"

"मी वाक्य जुळवत होतो," मी म्हणालो. "इंग्रजी वाक्य. चुकू नये म्हणून."

कोर्ट हसलं. वकील हसले, कारकून हसला. मागून कोणीतरी बऱ्यापैकी मोठ्याने म्हणालं, "बी.ए. ना!" न्यायाधीशांनी टेबलावर पेन आपटलं आणि मला विचारलं, कोणतं वाक्य? मी उभा राहून ते सबंध म्हणून दाखवलं. पुन्हा हसणं झालं. न्यायाधीश मात्र हसले नाहीत. त्यांनी ते लिहून घेतलं. आरोपीच्या वकिलांनी मग मला विचारलं की त्यांच्या अशिलाला इंग्रजी येतं का. माझ्या माहितीत नाही, मी म्हणालो. मोटारीतल्या माणसाने मला काय उत्तर दिलं, हे कोणीच विचारलं नाही. कागदावर 'संमती दिली' असं होतं, ते सगळ्यांना पुरलं.

साक्षीदार फितूर झाला, असा शेरा पडला. खोटेपणाबद्दल माझ्यावर खटला भरावा असं सरकारी वकील म्हणाले, पण पुढे ते राहून गेलं. तो माणूस सुटला. काळ्या मोटारीतला माणूस कधी सापडला नाही.

साक्ष झाल्यावर मी बाहेर आलो तर जमादारांची बायको आवारातल्या पिंपळाजवळ उभी होती. मला वाटलं, आता ही शिव्या देणार. दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"मास्तर," ती म्हणाली, "तुमी खरं बोललासा. दुसऱ्याच मानसाला टांगून ह्ये काय परत येनार न्हवतं."

मी मान खाली घातली.

"येक इचारू? त्यो काय म्हनला हुता तुमास्नी? इंग्लिशमदी? आत कुनी सांगितलंच न्हाई."

'संमती दिली' असं मलाही म्हणता आलं असतं. पण त्या दिवशी खरं बोलायला सुरुवात केली होती. मी तिला अख्खं मराठीत सांगितलं. अवश्य, माझ्या दोस्ता. तुम्ही इंग्रजी फार छान बोलता.

तिने ते शब्द स्वतःशी एकदा म्हणून पाहिले. मग म्हणाली, "गोड बोलला म्हना की."

"हो."

"आनि ह्यास्नी काय सांगितलंसा तुमी?"

"उघडा म्हणतायत, एवढंच."

तिने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. हिशोब लागला की माणूस बघतो तसं. दीर जवळ येऊन म्हणाला, "काय झालं, वैनी?"

"काय न्हाई," ती म्हणाली. "चला, गाडी चुकंल."

तिने पदर डोक्यावर ओढून घेतला आणि ती दोघं स्टेशनाकडे चालू लागली. मलाही त्याच गाडीने बोईसरला जायचं होतं. मी पुढच्या गाडीने आलो.